भरल्या गच्च्या

दुर्गेशने ओल्या कुरडया उचलायला घेतल्या, तेव्हा प्रेमलताच्या हातात सोऱ्या होता आणि सोऱ्यात निम्मा चीक शिल्लक होता. मागे प्लॅस्टिक ओढल्याचा आवाज झाला म्हणून तिने मान वळवली, तर हा चांगला दांडगा गडी उकिडवा बसून नुकत्याच घातलेल्या कुरडया एकेक करून परातीत टाकत होता. उचलताना त्या तुटत होत्या, त्याच्या बोटांना चिकटत होत्या. त्याचं तिकडे लक्षच नव्हतं.

“अरे बाप्पा! काय करून राहिला गा? ओल्या आहेत त्या.”

“आत वाळव ना आई. पंख्याखाली.”

“कुरडया, अन् पंख्याखाली? गहू भिजवा, वाटा, पहाटे उठून चीक शिजवा, अन् मंग पंख्याखाली घाला! सोड ते.”

त्याने सोडलं नाही. एरवी आईचा आवाज चढला की हा मुलगा हसून कान पकडायचा आणि ताटलीभर गरम चीक तेल घालून मागायचा. आज ना तो हसला, ना त्याने काही मागितलं. परात भरली तसा तो उठला आणि पाण्याच्या टाकीच्या सावलीत जाऊन उभा राहिला. तिथून तो शेजारच्या गच्च्या पाहू लागला. सुभद्राच्या गच्चीवर मुगवड्या होत्या. पलीकडे दीक्षाकडे दोरीवर धुणं होतं, आणि बुद्धपौर्णिमेला लावलेला पंचशील ध्वज अजून काठीवर होता. मास्तर हजेरी घेतो तशी त्याची नजर प्रत्येक गच्चीवर थोडी थांबायची आणि पुढे सरकायची.

“तुमी सारे कळमेश्वरले जा,” तो म्हणाला. “विक्रममामाकडे. थोडे दिवस.”

“आता? भर मे महिन्यात?”

“तिथं झाडं आहेत. इथं ऊन लय आहे.”

नागपुरात जन्मलेल्या माणसाने नागपुरात जन्म काढलेल्या बाईला मे महिन्यातलं ऊन समजावून सांगावं, याचं प्रेमलताला खरं तर हसू यायला हवं होतं. ते आलं नाही. सोऱ्यातला चीक तोवर थिजून गेला होता, तो तिने तसाच पातेल्यात उलटा केला.

दुर्गेश हवाई दलात होता, पण विमानाशी त्याचा काही संबंध नव्हता. दक्षिणेतल्या एका शहरात, बंद खोलीत बसून तो उपग्रहांनी पाठवलेली चित्रं पाहायचा. त्यात काय पाहायचा ते त्याने कधी सांगितलं नव्हतं आणि प्रेमलतानेही कधी विचारलं नव्हतं. कोणी फारच खोदून विचारलं तर ती ‘फोटो पाहतो’ म्हणायची, आणि त्यामुळे निम्म्या नातेवाइकांची अजून समजूत होती की पोराने तिकडे फोटो स्टुडिओ टाकला आहे. सून मयुरा आणि नात खुशी, शाळेच्या सोयीसाठी म्हणून, इथे नागपूरच्या कडेला, बेसालाच राहत. या ले-आउटमधली, म्हणजे वसाहतीतली, बहुतेक घरं अशीच होती. कुणाचा मुलगा, कुणाचा नवरा कुठल्या ना कुठल्या दलात नोकरीवर, आणि मागे बायका, पोरं, म्हातारी माणसं. रजेवर येणारा माणूस येण्याच्या कितीतरी आधीपासून फोनवर जेवणाचे बेत सांगायचा. दुर्गेश मात्र त्या दिवशी पहाटे, न कळवता, एक लहानशी बॅग घेऊन दारात उभा राहिला होता.

दुपारी जेवणं चालू असताना टीव्हीवर चर्चा रंगली होती. गेले कित्येक दिवस तीच होती. देशाने अवकाशासाठी वेगळं सैन्यदल काढावं की नाही, यावर टाय लावलेली माणसं एकमेकांचं बोलणं तोडत होती. दुर्गेशचे वडील नानाजी रोज ही चर्चा ऐकायचे आणि रोज चिडायचे. त्यांची सगळी नोकरी हवाई दलाच्या वर्कशॉपमध्ये इंजिनं उघडण्यात आणि बसवण्यात गेली होती. ज्या वस्तूला ग्रीस लागत नाही तिच्यावर त्यांचा फारसा विश्वास नसे.

“घ्या,” ते म्हणाले. “जमिनीवरची फौज झाली, पाण्यातली झाली, हवेतली झाली. आता हे आभाळाच्याही वरचं. तिथं ना जमीन, ना माणूस. लढन कोणासंग?”

“लढाले नाही बाबा. पहाले.”

“पहाले फौज लागते का? पहाले तर आपली सुभद्राबाईही पाहते, कोणाच्या घरी कोण आलं, कोण गेलं.”

मयुरा हसली. खुशीला काही कळलं नाही, पण आई हसली म्हणून तीही हसली. दुर्गेश मात्र सरळ बापाकडे वळून बसला. तो असा वळून कधी बोलत नसे.

“आता कसं आहे बाबा, पाहतो आम्ही. मंग तो कागद दुसऱ्याकडे जाते, तो वेगळ्या दलाचा. त्याच्याकडून तिसऱ्याकडे. ज्याने डोळ्याने पाहिलं त्याले पुन्हा कोणी विचारत नाही. आम्ही लिहितो ‘असं वाटते’, अन् तिसऱ्याच्या टेबलावर पोचेपर्यंत त्याचं ‘असंच आहे’ होऊन जाते. एकच दल असलं तर पाहणारा अन् ठरवणारा एका जागी बसतीन. चुकलं तर तिथल्या तिथं धरता येईन.”

“अन् पाहणाराच चुकला तर?”

दुर्गेशने उचललेला घास पुन्हा ताटात ठेवला.

“त्याचंच भेव वाटते,” तो म्हणाला.

नानाजींनी रिमोट घेऊन टीव्हीचा आवाज बंद केला. मुलाच्या तोंडून भीतीचा हा शब्द त्यांनी तो लहान असतानाही ऐकला नव्हता. पडद्यावरची माणसं आवाजाविना हातवारे करत राहिली.

दुसऱ्या दिवशी सकाळी सुभद्राच्या गच्चीवर मुगवड्या नव्हत्या. त्या जागी धुतलेली, कोरडी फरशी होती. प्रेमलताने कठड्यावरून हाक मारली. खाली उतरून पाहते तर दाराला कुलूप आणि आपल्या घराच्या जाळीत खोचलेली चावी. या ले-आउटची ती रीतच होती. गावाला जाणाऱ्याने चावी प्रेमलताकडे द्यायची, म्हणजे ती तुळशीला आणि पाखरांच्या वाटीत पाणी घालते. पण चावी देताना बायका चहा घ्यायच्या, कुठे चाललो, किती दिवस, कुणाचं बाळंतपण, सगळं सांगायच्या. अशी मुकी चावी तिच्याकडे पहिल्यांदाच आली होती.

मग आणखी आल्या. एक जाळीत, एक दुधाच्या पिशवीत, एक शेजारच्या म्हाताऱ्याने हातात ठेवली आणि तो तडक रिक्षात जाऊन बसला. स्वयंपाकघरातल्या खिळ्यावर जुडगा जड होत गेला.

दीक्षा आली तेव्हा ऊन चढलं होतं. सौरवशी लग्न होऊन ही मुलगी या ले-आउटमध्ये आली, आणि सासू नसल्यामुळे पापड लाटण्यापासून सगळं प्रेमलताकडेच शिकली. तिने बॅग पायाशी ठेवली.

“काकू, चावी ठेवा. मी आईकडे चालली, भंडाऱ्याले.”

“मधातच? सौरव येणार होता ना?”

“त्याचाच फोन आला. आजच्या आज जा म्हणे. इकडे ऊन लय आहे म्हणे.”

प्रेमलताने तिच्याकडे पाहिलं. सौरव कुठल्या तरी उत्तरेकडच्या ठाण्यावर होता, दुर्गेशपासून कितीतरी लांब. दोघांना एकच शब्द सुचला होता.

“काकू, तुमाले काही माहीत आहे का? दुर्गेशदादा आले आहेत ना?”

“नाही वं. ऊन तर खरंच आहे. पाण्याची बाटली घेतली का?”

दीक्षाने बॅगेतली बाटली दाखवली. मग तिने वाकून नमस्कार केला आणि फाटकापर्यंत जाऊन एकदा मागे वळून आपल्या घराकडे पाहिलं. दोरी रिकामी होती. ध्वजही तिने काढून घेतला होता.

नागपुरात मे महिन्यातल्या दुपारी माणूस दिसत नाही, त्याचं कुणाला काही वाटत नाही. रस्ते ओस पडतात, कुत्री गाड्यांखाली शिरतात. पण त्या ओस पडण्याला एक आवाज असतो. प्रत्येक खिडकीत कूलर घरघरत असतो, ओल्या वाळ्याच्या ताट्यांचा वास येत असतो, आणि त्यावरून कळतं की भिंतीपलीकडे माणसं झोपली आहेत. तो आवाज आता एकेका घरातून गळत चालला होता. एक थांबला की उरलेले जास्त स्पष्ट ऐकू यायचे. मग त्यातलाही एक थांबायचा. प्रेमलता लहान असताना तिची आजी तिला भर दुपारी चिंचेखाली जाऊ देत नसे. रात्रीचं भूत निदान अंधार पाहून तरी येतं, दुपारचं कशालाच भीत नाही, म्हणायची. त्या दुपारी पलंगावर पडल्यापडल्या प्रेमलताला जाणवलं की ले-आउटमध्ये आता फक्त आपलाच कूलर चालू आहे. ती उठून बसली.

दुर्गेश जिन्याच्या सगळ्यात वरच्या पायरीवर बसला होता, गच्चीचं दार अर्धं उघडं टाकून, उन्हाच्या पट्ट्याबाहेर. ती त्याच्या खालच्या पायरीवर बसली.

“काय दिसलं तुले?” तिने विचारलं.

त्याने मान हलवली.

“माझ्यासंग उन्हाच्या गोष्टी नको करू गा. काय दिसलं?”

“तिकडे एक वसाहत आहे, आई,” तो म्हणाला. सीमेकडे हात करायचीही त्याला गरज वाटली नाही. “त्यांच्या फौजेतल्या लोकांची. आपल्या ले-आउटसारखीच. गाड्या, तोफा, ते सारं दुसरे पाहतात. माझ्याकडे छतं आहेत. धुणं किती आहे, गाद्या घातल्या का, मिरच्या घातल्या का. घर सोडून जायचं असलं की माणूस सगळ्यात पहिले वाळवण उचलते. फौजा हलायच्या पहिले बायका-पोरं हलतात. त्यावरून समजते.”

“इतके वर्षं तू बायांचं वाळवण पाहून राहिला?”

“हो.”

तिला वाटलं होतं की तो नकाशे पाहत असेल, रॉकेटं पाहत असेल. इतकी वर्षं तिचा मुलगा कुठल्यातरी अनोळखी बाईच्या मिरच्यांवर लक्ष ठेवून होता. तिला त्या बाईबद्दल कसंतरीच वाटलं.

“मंग? उचललं का त्यांनी?”

“सारं. मागच्या बुधवारपासून. एकामागून एक.”

खालून खुशीच्या हसण्याचा आवाज आला. दुर्गेशने त्या दिशेला पाहिलं आणि लगेच नजर काढून घेतली.

“तिकडच्यांना आपलं दिसत असन ना?” प्रेमलताने विचारलं.

“दिसते.”

“रोज?”

“आभाळ मोकळं असलं की रोज.”

डोक्यावर जिन्याचा स्लॅब होता. तरी तिने पदर पुढे ओढून घेतला. वर्षानुवर्षं ती या गच्चीवर पहाटे केस मोकळे सोडून बसली होती, सासू गेली तेव्हा इथेच एकटी येऊन रडली होती. मग तिला दुसरंच काहीतरी आठवलं आणि पदर हातातच राहिला.

“बुधवारपासून म्हणतोस?”

“हो.”

“त्याच्या आधल्या शनवारी, रविवारी सुभद्राच्या पोरीचं लग्न होतं. कळमेश्वरले. तुले सुटी भेटली नाही. पण सारा ले-आउट गेलता, बस करून. एक माणूस मागे नव्हता. अवकाळी येते का काय म्हणून शुक्रवारीच साऱ्यांनी वाळवण आत घेतलं. धुणं काढलं, कूलर बंद केले. आलो आम्ही सोमवारी.”

दुर्गेशने बोटांवर वार मोजले.

“तुले तिथं दिसलं नाही?”

“आपली छतं आम्ही पाहत नाही,” तो म्हणाला.

“त्यांनी पाहिली. पोरीचं लग्न आहे हे तर वरून दिसत नाही. त्यांना वाटलं असन, हे चालले. म्हणून त्यांनी आपलं उचललं. त्यांनी उचललं म्हणून तू माझ्या कुरडया उचलल्या, सौरवने दीक्षाले धाडलं. आता आपली छतं पुन्हा खाली झाली. हे पाहून ते काय करतीन?”

त्याने दोन्ही हातांनी पायरीची कड धरली होती. कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरला तरी त्याने पुसला नाही.

“तसं नसनही,” तो शेवटी म्हणाला. “त्यांचं खरंही असू शकते.”

“असू शकते. पण लग्न होतं, एवढं तर वर सांग.”

“कसं सांगू? पहिले विचारतीन, मंग आता काहून खाली झाली? घरच्यांना यातलं काही सांगायचं नसते आई. मी तुमाले जा म्हटलं, हाच गुन्हा आहे. सौरवनेही तेच केलं. ठाण्याठाण्यांवर कुणकुण लागली, साऱ्यांनी आपापल्या घरी फोन केला अन् उन्हाचं नाव सांगितलं. आता एकही जण कबूल होणार नाही.”

“मंग जात नाही आम्ही. राहतो इथंच.”

“खुशी आहे आई,” तो म्हणाला.

प्रेमलताला मुलाचा राग आला, त्याची कीव आली, आणि त्याच्या जागी आपण असतो तर हेच केलं असतं हेही कळलं. तिने त्याच्या डोळ्यांवरचा घाम पदराने टिपला, लहानपणी टिपायची तसा.

दुसऱ्या दिवशी सकाळी गाडी भरली. दुर्गेश सगळ्यांना कळमेश्वरला सोडून तसाच विमानतळावर जाणार होता. मयुरा आणि खुशी मागे बसल्या. प्रेमलता मात्र पायऱ्यांवरच उभी राहिली.

“मी उद्या येते. गहू भिजवून ठेवले आहेत, नासतीन.”

“आई.”

“उद्या येते म्हटलं ना. बस आहे, ऑटो आहे. मी काय लहान आहे?”

दुर्गेश वाकला आणि तिच्या पायांवर हात ठेवून नेहमीपेक्षा जास्त वेळ तसाच राहिला. त्याला समजलं होतं. तिला सोबत न्यायचं तर खुशीसमोर खरं काय ते बोलावं लागलं असतं. ते त्याला जमलं नाही.

नानाजी सगळ्यात शेवटी निघाले. त्यांनी आधी कूलरमध्ये काठोकाठ पाणी भरलं, मोटर नीट चालते ना ते कान लावून पाहिलं आणि हात धोतराला पुसत तिच्याजवळ आले. जिन्यातलं बोलणं त्यांनी ऐकलं होतं की नाही, ते त्यांनी सांगितलं नाही.

“मीही थांबतो.”

“अन् पोरीपाशी कोण राहीन? तुमी जा.”

ते थोडा वेळ चपला चाचपत राहिले.

“वरून गरमीही दिसते म्हणतात,” ते हळूच म्हणाले. “नुसत्या कपड्यांनी नाही भागायचं. साऱ्यांचे कूलर चालू ठेवजो. कोरडे नको चालवू, मोटर जळते.”

गाडी वळली आणि प्रेमलता जुडगा घेऊन निघाली.

दुसऱ्याच्या घरात त्याच्या माघारी जाणं तिला नवं नव्हतं, पण आजवर ती अंगणापुढे गेली नव्हती. आता तिने कपाटं उघडली. सुभद्राच्या साड्या बादलीत बुडवल्या, पिळल्या, गच्चीवर टाकल्या. धुतलेले कपडे पुन्हा ओले करताना तिला ओशाळल्यासारखं झालं. एका घरात लहान मुलांचे फ्रॉक सापडले. तिने तेही टाकले, मोठ्याशेजारी मोठे आणि लहानाशेजारी लहान असे नव्हे, तर त्या घरची बाई घाईत टाकेल तसे. दीक्षाकडे सौरवचा शर्ट वाळत घालताना ती थबकली. परक्या पुरुषाचा शर्ट असा हाताळायला नको वाटत होता, पण नुसत्या बायकांचे कपडे दिसले तर तेही खोटं वाटलं असतं. घरोघर गादी काढली, उशा काढल्या, आपल्या डब्यातल्या जुन्या कुरडया चादरींवर मांडल्या. संध्याकाळी सगळं आत आणायचं आणि सकाळी दुसरे कपडे काढायचे. रोज तेच कपडे कोण धुतं?

कूलर सगळे चालू झाले तसा ले-आउटला पुन्हा आवाज आला. तो ऐकून तिला बरं वाटायला हवं होतं, आणि पहिल्या दिवशी वाटलंही. नंतर मात्र चमत्कारिक व्हायला लागलं. दुपारी पडल्यापडल्या शेजारची घरघर ऐकली की वाटायचं, सुभद्रा आली वाटतं. एकदा ती खरंच उठून ‘सुभद्राबाई!’ म्हणून हाक मारून बसली, आणि हाक मारल्यावर ओ येईल की काय या भीतीने दार लावून घेतलं. गच्च्यांवर माणसांच्या मापाचे कपडे वाऱ्याने हलायचे, बाह्या उचलायचे. कुणीच नव्हतं, आणि तरी एकटं असल्यासारखं वाटत नव्हतं. मानेवर, पाठीवर सारखं काहीतरी टेकल्यासारखं वाटायचं. ती वर पाहायची नाही. वर पाहिलं तर आभाळ पांढरंफटक, एक ढग नाही. मोकळं आभाळ पाहून छातीत धस्स व्हावं, असं आयुष्यात पहिल्यांदाच होत होतं.

दूधवाल्याने एकदा विचारलं, “काकू, हे सारे आहेत ना? पैसे घ्यायले कोणी दार उघडून नाही राहिलं.”

“आहेत ना. झोपले असतीन,” ती म्हणाली, आणि आपण किती सहज बोललो याचं तिचं तिलाच नवल वाटलं.

दुर्गेशचा फोन आला तेव्हा ती दीक्षाच्या गच्चीवर होती. नुकतंच उजाडलं होतं.

“आई, पोचली का कळमेश्वरले?”

“हो, मंग. केव्हाचीच.”

मागे कूलर घरघरत होते. कळमेश्वरच्या मामाकडे कूलर नव्हता, हे दोघांनाही माहीत होतं. दुर्गेश अगदी साध्या, घरगुती आवाजात म्हणाला, “आपल्या त्या दूरच्या मावशीची खबर आहे.”

प्रेमलताला दूरची काय, जवळचीही कुठली बहीण नव्हती. ओला शर्ट हातात घेऊन ती कठड्याला टेकली.

“कोणती गा?”

“तीच. जिने वाळवण आत घेतलं होतं.”

“हां. काय म्हणते ती?”

“पुन्हा घातलं तिने. साऱ्या छतांवर. धुणं, मिरच्या, गाद्या. सारं पहिल्यासारखं.”

ती तिथेच, आदल्या दिवशी तापून अजून गरम असलेल्या फरशीवर बसली. इतक्या दिवसांत तिला रडू आलं नव्हतं, ते आता आलं, आणि रडतारडता हसूही आलं.

“लय बरं झालं गा. आले म्हणायचे सारे परत.”

“नाही आई,” दुर्गेश म्हणाला. “सकाळी ऊन तिरपं असते, तेव्हा माणसाची सावली दिसते. एकच सावली आहे. या छतावर दिसते, मंग बाजूच्या, मंग त्याच्या बाजूच्या. त्या छतावरचं झालं की पुढच्या. बाकी कोणीच नाही तिथं. एकटीच करून राहिली ती.”

प्रेमलताने डोळे पुसले. पूर्वेकडून सूर्य घरांच्या वर आला होता आणि तिची सावली दीक्षाच्या गच्चीवर लांबलचक पडली होती. ती हलली की सावलीही हलत होती.

“मले आज लिहून द्यायचं आहे,” तो म्हणाला. आता त्याचा आवाज घरगुती राहिला नव्हता. “घरं भरली आहेत का खाली आहेत. काय लिहू?”

‘भरली आहेत’ असं एकदम सांगून टाकावंसं तिला वाटलं. ते सोपं होतं. पण खोटं लिहायला सांगितलं आणि तिकडचे खरंच निघून गेलेले असतील, हल्ला ठरलेला असेल, तर? खुशी कळमेश्वरला होती. सगळ्यांच्या खुशी कळमेश्वरला नव्हत्या. तिने तोंडावरून हात फिरवला.

“तिकडे तुझ्यासारखाच कोणी बसला असन ना? आपली छतं पाहणारा?”

“असन.”

“मंग त्यालेही दिसली असन मी.”

“हो आई.”

“त्याने काय लिहावं, असं तुले वाटते?”

“ठेवतो,” एवढंच म्हणून त्याने फोन ठेवला.

प्रेमलता कठड्याचा आधार घेत उठली. सौरवचा शर्ट झटकून तिने दोरीवर टाकला, शेजारी चादर टाकली, आणि चादरीच्या आडोशाला अशी सरकून उभी राहिली की तिची सावली चादरीच्या सावलीत मिसळून गेली. इथून पुढे हे असंच करत जायचं, असं तिने ठरवलं. त्या दुसऱ्या बाईलाही हे कुणीतरी सांगायला हवं होतं.